चला, बारापेडेच्या गुहेत

चहाचा पेला खाली ठेवा. टपरीवाल्याचे पैसे आत्ताच देऊन टाका, कारण आपण निघालो आहोत तिथे फोनवरून पैसे जात नाहीत.

सोलापूरजवळच्या चिंचोळी एमआयडीसीत दुसरी पाळी चालू आहे. रस्त्याच्या कडेला टँकर उभे आहेत, शेडमधून यंत्रांची घरघर येते आहे, वाऱ्याबरोबर कसलासा तिखट वास नाकाला झोंबतो आहे. आता त्या दिव्याच्या खांबाकडे पाहा. किड्यांचा घोळका दिसतो? त्यातून काळे काहीतरी झपकन गेले, वळले, पुन्हा आले. ती पाकोळी. रोज संध्याकाळी ती तुमच्या डोक्यावरून जाते आणि तुम्ही मान वर करत नाही. आज तिच्या लांबच्या नात्यातल्या एका छोट्या घराण्याकडे जायचे आहे. तेही किडे खाऊन जगणारे, पण सह्याद्रीच्या दमट रानातले, एका गुहेत बिऱ्हाड केलेले. मध्ये शंभराहून जास्त वर्षे आहेत. ती एका पावलात ओलांडू. उरलेली वाट मात्र तुम्हालाच तुडवावी लागेल.

डोळे मिटा.

आधी घरघर थांबते. मग दिवा जातो, आणि त्याच्याबरोबर आकाशातला तो पिवळट उजेडही. पायातले सेफ्टी शूज गेले. त्यांच्या जागी जाड कातड्याच्या वहाणा आहेत आणि अंगठा करकचून चावतो आहे. धोतराच्या सोग्याला कुसळे चिकटली आहेत, एक थेट पोटरीत घुसले आहे. काढा ते, नाहीतर रात्रभर सलेल. डोळे उघडले तरी काही दिसत नाही. थोडे थांबा. हळूहळू चांदणे उमटते आणि कळते की सगळीकडे नुसता माळ आहे. शेड नाहीत, कुंपण नाही, हायवे नाही. लांब कुठेतरी धनगराचा वाडा बसला आहे. मेंढ्यांच्या लेंड्यांचा आणि गोवऱ्यांच्या धुराचा वास येतो आहे, दोन कुत्री तुमच्या दिशेने भुंकत आहेत. वारा असा गार की दात वाजतात. हा १९१२ सालचा हिवाळा. तारीख विचारायची ती शेवटची वेळ. इथून पुढे दिवस उगवतो आणि मावळतो, एवढेच ठाऊक असू द्या.

तुमच्या खांद्यावर एक लाकडी पेटी आहे. जड आहे, पट्टा खांद्याला काचतो. पेटीत उंदीर पकडायचे सापळे आहेत, कापूस, सुया, दोरा, दोरे ओवलेल्या कोऱ्या चिठ्ठ्या, आणि घट्ट झाकणाच्या डब्यात सोमल घातलेला साबण. त्या डब्याला हात लावून तोच हात तोंडाला लावू नका. ही पेटी खानापूरच्या रानात पोहोचवायची आहे. ती नेणारे तुम्हीच.

पहाटे गाडीवान भेटतो. तो तुम्हाला ओळखत नाही, तरी जागा देतो. बैलगाडी पुण्याच्या रस्त्याने सोलापूरकडे निघते. दोन्ही बाजूंना शाळू उभा आहे, दाणे अजून हिरवे. एका शेतात आगटी पेटली आहे. गाडीवान उतरतो, दोन भाजलेली कणसे आणतो, तळहातावर चोळतो आणि फुंकर मारून कोंडा उडवतो. घ्या. हुरडा गरम आहे, गोड आहे, आणि तळहाताला लागलेली राखही त्याच्याबरोबर पोटात जाते. बांधापलीकडे गवतातून एक उंच मान वर येते. माळढोक. गाडीवान तिकडे बघतही नाही. त्याला तो रोजचाच. तुम्ही मात्र बघून घ्या, पोटभर बघा. तुमच्या काळात नान्नजच्या माळावर हा पक्षी दिसावा म्हणून लोक दिवसचे दिवस दुर्बीण लावून बसतात.

सोलापूर जवळ आले हे डोळ्यांआधी कानांना कळते. जुन्या गिरणीचा भोंगा होतो आणि बैल कान टवकारतात. मग माणसांचे लोंढे. बायकांच्या कमरेला भाकरीची फडकी, पुरुषांच्या केसांत कालच्या पाळीचा कापूस. कुणी तेलुगू बोलतो, कुणी कानडी, कुणी मराठी, कुणी दखनी, आणि भांडण मात्र चारही भाषांत एकाच वेळी चालते. हातमागांच्या खटखटीतून गाडी पुढे सरकते. रंगाऱ्यांच्या दारात निळे-तांबडे पाणी वाहते आहे, त्याचा आंबट वास घशात बसतो.

स्टेशनवर तिसऱ्या वर्गाचे तिकीट काढा. पहिला टप्पा होटगीपर्यंत, तिथे गाडी बदलायची. होटगीला रूळ अरुंद होतात, डबे लहान होतात आणि गर्दी होती तेवढीच राहते. फळ्यांच्या बाकावर तुमच्या वाट्याला वीतभर जागा येते. पेटी मांडीवर घ्या. समोरच्या म्हातारीने कोंबडी बरोबर आणली आहे. ती कोंबडी पूर्ण प्रवासभर तुमच्या गुडघ्याला टोचणार आहे, तेव्हा तिच्याशी आत्ताच जुळवून घ्या. खिडकीत बसायला मिळाले म्हणून हरखू नका. इंजिनाच्या कोळशाची कच डोळ्यात जाते आणि चोळले की आणखी आत जाते.

भीमा मागे पडते. नदीवरून जाताना डब्यातले अर्धे लोक हात जोडतात, कुणीतरी खिडकीतून पैसा टाकतो. दुपारी विजापूर. घुमटाची सावली रुळांजवळ आल्याचा भास होतो इतका तो गोल घुमट मोठा दिसतो. फलाटावर पाणके घडे घेऊन धावतात. कुणाचे पाणी कुणी प्यायचे हे आधीच ठरलेले आहे, आणि तुम्हाला तहान लागली असली तरी आधी तुमची जात विचारली जाते. तो प्रश्न कानावर आला की पाण्याची चव जाते. ती तशीच घेऊन पुढे चला. या काळात आलो आहोत तर त्याचे हेही अंगावर घ्यायला हवे.

रात्री गदगला पुन्हा गाडी बदल. फलाटावर घोंगडी पांघरून माणसे ओळीने झोपली आहेत. त्यांच्या पायांवरून, हातांवरून पेटी सांभाळत जायचे. हुबळी झोपेत जाते. धारवाडच्या पुढे कधीतरी जाग येते ती वासाने. हवा बदललेली असते. धूळ गेली, ओल्या पानांचा, कुजक्या लाकडाचा, सागाच्या ताज्या भुशाचा वास डब्यात शिरतो. लोंढा. इथून एक फाटा कॅसलरॉकवरून घाट उतरून गोव्याकडे जातो. आपण बेळगावच्या दिशेने, खानापूरपर्यंत. उतरलात की अंगात नुसती कोळशाची पूड भरलेली असेल. नळ शोधू नका, नाही मिळणार. विहिरीवर जा.

आता बैलगाडीची वाट पाहताना या पेटीबद्दल सांगतो, कारण पुढे बोलायला दम उरणार नाही.

मुंबईला, फोर्टातल्या अपोलो स्ट्रीटवर, सहा नंबरच्या जागेत बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे बिऱ्हाड आहे. सोसायटी १८८३ सालची. वाघ, हत्ती, हरणे यांची मोजदाद शिकाऱ्यांनी भरपूर करून ठेवली होती. पण उंदीर, चिचुंद्री, मुंगूस, वटवाघूळ यांच्याकडे कुणी नीट पाहिलेच नव्हते. म्हणून सोसायटीने वर्गणी गोळा केली आणि १९११ मध्ये देशातल्या सस्तन प्राण्यांची पाहणी सुरू केली. पहिली पाहणी खानदेशात झाली. पकडायचे, मोजायचे, कातडे भरायचे, चिठ्ठी बांधायची आणि लंडनच्या संग्रहालयात पाठवायचे. तिथे रॉबर्ट चार्ल्स रॉटन नावाचे गृहस्थ बसले आहेत. मुंबई इलाख्याच्या जंगल खात्यात त्यांची नोकरी झाली, मुंग्यांवर त्यांनी लिहिले, आणि निवृत्तीनंतर आता हिंदुस्थानातून येणाऱ्या पेट्या ते उघडून पाहतात. हे नाव लक्षात असू द्या.

खानापुरातून हेमाडग्याच्या वाटेला बैलगाडी मिळते. सोलापूरच्या मोकळ्या माळावर वाढलेल्या माणसाला इथे आधी छातीवर दडपण येते. आकाश दिसतच नाही. झाडावर झाड, त्यावर वेल, वेलीवर शेवाळ. दिवस डोक्यावर आला तरी पानांवरून दव ठिबकते आहे. चाकाखाली पालापाचोळा दबतो, आवाज येत नाही. बैलांच्या घुंगरांचा तेवढा. मध्येच गाडीवान कासरा ओढतो आणि बोट ओठांवर ठेवतो. वाटेपलीकडे बांबूच्या बेटात गवा उभा आहे. त्याच्या नाकपुड्यांतून वाफ निघते आहे. तुम्ही श्वास रोखता, गाडीवान श्वास रोखतो, बैल मात्र थरथरतात. गवा कंटाळून निघून जातो आणि बांबू मोडल्याचा कडाकडा आवाज बराच वेळ येत राहतो.

पुढे गाडी जात नाही. पेटी डोक्यावर घ्या आणि चाला.

तळेवाडीत पोहोचता तेव्हा उन्हे कलली आहेत. वाडी म्हणजे गवताने शाकारलेली थोडीशी घरे, शेणाने सारवलेली अंगणे, कुडाच्या भिंतींतून झिरपणारा निळा धूर. मागे भीमगडाच्या बाजूचे डोंगर. जवळच म्हादईचे उगमाकडचे पाणी. बोली तुमच्याच मराठीची, पण हेल वेगळा, मध्येच कानडीचा टेकू, मध्येच कोकणीचा. ओसरीवर बसलेले गावकर तुमच्याकडे खालून वर पाहतात.

"कुठनं आलाय वो?"

"सोलापूरहून."

"लई लांबनं आलाय. बसा की. पाणी घ्या."

इथे जात विचारत नाहीत असे नाही, पण इतक्या लांबून पेटी वाहून आणलेल्या माणसाला आधी गूळ-पाणी मिळते. मग नाचणीची भाकरी, काळसर, चुलीवरून सरळ हातावर, आणि कुळथाचे पिठले. पिठल्यात मिरची अशी की नाक वाहू लागते. खा. आतल्या अंधारात कुणीतरी कण्हते आहे. हिवतापाची कुडकुड, दर तिसऱ्या दिवशी येते आणि जाते. पोस्टात पैशाला कोयनेलची पुडी मिळते, पण पोस्ट इथून दिवसभराच्या वाटेवर. तुमच्याजवळ पुडी असेल तर द्या, आणि डासांनी तुम्हालाही फोडून काढले आहे हे ध्यानात ठेवा.

गावाबाहेर सोसायटीच्या माणसांचा तळ आहे. तंबूपुढे दोरीवर कातडी वाळत घातली आहेत. साहेब आहे, त्याचा स्वयंपाकी आहे, आणि मांडी घालून बसलेला कातडी सोलणारा आहे. या शेवटच्या माणसाकडे नीट पाहा. त्याचे नाव कुठल्याही जर्नलात येणार नाही. त्याच्या नखांच्या कडा सोमलाने काळवंडल्या आहेत. तुमची पेटी तो उघडतो, चिठ्ठ्या बोटांनी चाळून पाहतो, कापूस दाबून पाहतो आणि मान हलवतो. म्हणजे माल बरोबर आला.

"उद्या पाकोळ्यांच्या गुहेत जायचंय," गावकर सांगतात. "आत वास मारतंय. डोसक्याला मुंडासं घट्ट बांधा."

त्यांना ती गुहा लहानपणापासून ठाऊक आहे. गुरे हुकली की शोधत तिथपर्यंत जावे लागते. ती गुहा म्हणजे बारापेडे. साहेबाला ती सापडली, असे पुढे कागदावर येईल. साहेबाला ती दाखवली गेली, ही गोष्ट तुम्ही आज स्वतःच्या पायांनी पडताळून पाहणार आहात.

सकाळी निघायचे. दवाने धोतर गुडघ्यापर्यंत भिजते. पुढे कोयतीवाला, मागे चुडी घेतलेली दोन पोरे, मध्ये साहेब, शेवटी तुम्ही. कोयती वेल तोडत जाते, तुटलेल्या वेलींचा हिरवा चीक मानेवर पडतो आणि खाजू लागतो. वाट उतरते, चढते, पुन्हा उतरते. पाय घसरला की हाताला येईल ते धरायचे. आलेला वेत काटेरी निघाला तर ओरडायचे नाही. मग अचानक कोयतीवाला थांबतो. समोर चुनखडीचा खडक, झाडोऱ्यात अर्धा बुडालेला, आणि त्याच्या पोटात काळे तोंड. त्या तोंडातून हवा बाहेर येते आहे. कोमट. ओली. आणि वास.

तो वास शब्दांनी सांगता येईल असा नाही, पण तुम्ही आत आलाच आहात तर घ्या. आधी डोळ्यांना लागतो. अमोनियाची कुपी नाकाखाली फोडावी तेवढा उग्र, आणि त्याच्याखाली काहीतरी गोडसर कुजके. पाचव्या पावलाला डोळ्यांतून पाणी येते. जमीन मऊ होते. खाली वर्षानुवर्षे साठलेली विष्ठा आहे, पावलाला दबणारी, आणि ती हलते आहे. चूड खाली करून पाहा: भुंगे, झुरळे, अळ्या. वरची पोटे भरली की त्यांचे उरलेसुरले खाली पडते, त्यावर ही खालची वस्ती जगते. वहाणेच्या पट्ट्यातून काहीतरी बोटावर चढते. झटकून टाका, पुढे चला.

चुडीचा धूर छताला जाऊन पसरतो. पोरे ती उंच धरतात. आधी काहीच दिसत नाही, ओला खडक चमकतो तेवढाच. मग छतातल्या एका खोलगट जागेत काहीतरी सरकते. तिथे खडक केसाळ आहे. नाही, खडक नाही. ती आहेत.

एकमेकांना चिकटून, अंगाला अंग लावून, छोटासा मेळा. लाखो-हजारोंचा थवा नाही. एवढीशी जागा, एवढेसे घराणे. उजेड पडताच त्यांच्यात कुरकुर सुरू होते, टोकदार, चिडकी. एक सुटते, तुमच्या मुंडाशाला वारा घालून जाते, आणि तुम्ही खाली वाकता. हसू नका, साहेबही वाकला आहे.

जाळी वर जाते. धडपड, धूर, शिव्या, खोकला. मग कातडी सोलणारा जाळीत हात घालतो आणि तुमच्यापुढे धरतो.

हा क्षण हळू जाऊ द्या. जवळ या.

मुठीत मावते आहे, पण तुमच्या दिव्याखालच्या पाकोळीपेक्षा किती मोठे! कोपरापासून मनगटापर्यंतचे हाडच सुमारे ६५ मिलिमीटर. अंगावर आखूड, मखमली, गडद तपकिरी केस. मानेमागून खांद्यांवर फिकट राखाडी पट्टा, तिथे बोट फिरवावेसे वाटते. पण नजर जाते ती कानांवर. प्रचंड कान. ते वर उभे नाहीत, पुढे आलेले आहेत, कपाळावर एकमेकांना जोडलेले, डोळ्यांच्याही पुढे ओढलेले; पावसात धनगर घोंगडीची खोळ डोक्यावरून ओढून घेतो तसे. कानाच्या पुढच्या काठाला बारीक काट्यांची ओळ आहे. नखाने चाचपून पाहा, टोचते. आता उलटे करा. मागच्या पायांमध्ये ताणलेल्या पडद्याच्या बाहेर शेपटी मोकळी निघाली आहे, जाडसर, उंदराच्या शेपटीची आठवण करून देणारी. बहुतेक वटवाघळांची शेपटी त्या पडद्यात गुंतलेली असते. या कुळाची मोकळी. अंधाऱ्या फटीत उलटे सरकताना हीच शेपटी मागची जागा चाचपते.

आणि पंख. पसरून पाहा. लांब आणि अरुंद. खालच्या झुडपांत घुटमळायला हे पंख नाहीत. झाडांच्या शेंड्यांवर, मोकळ्या आकाशात, सरळ आणि वेगाने उडायला आहेत. म्हणून तर याला उंच छत लागते: सुटायचे, खाली पडायचे, पडता पडता वेग घ्यायचा, आणि तोंडातून बाहेर. जमिनीवर ठेवले तर बिचारे उठूच शकणार नाही सहज.

त्याच्या छातीचा ठोका तुमच्या बोटाला लागतो आहे. इतका जलद की वेगळे ठोके मोजता येत नाहीत.

पुढचे पाहायचे नसेल तर गुहेबाहेर जाऊन बसा. काही प्राणी मारले जातात. त्या काळी नव्या जातीची ओळख पटवायला दुसरा मार्ग नव्हता, आणि तरी मला ते दर वेळी टोचते, विशेषतः मेळा एवढासा असताना.

तळावर दुपार होते. कातडी सोलणारा चटईवर बसतो. धड किती, शेपटी किती, मागचे पाऊल किती, कान किती. चार मापे, सगळी मिलिमीटरमध्ये, पेन्सिलीने. मग पोटावर एक छोटी चीर, आणि बोटे अशी चालू लागतात की पाहत राहावे. पंखाचे पातळ कातडे कुठेही फाटत नाही. आतून सोमलाचा साबण लावायचा, कापूस भरायचा, सुईने शिवायचे. कवटी वेगळी काढून तिला वेगळी चिठ्ठी. तुम्ही सोलापूरहून आणलेल्या दोऱ्याचा तुकडा आता त्या पायाला बांधला आहे. माश्या घोंगावतात, सोमलावर बसतात आणि मरतात.

संध्याकाळी पुन्हा गुहेपाशी चला. आता चूड नको, बोलणेही नको. तोंडासमोरच्या दगडावर बसा. रातकिडे सुरू झाले आहेत, खालून पाण्याचा आवाज येतो आहे, दूर कुठेतरी सांबर भोंकते. उजेड संपता संपता आतून वाऱ्याचा झोत येतो आणि पहिले निघते. वळण नाही, घुटमळणे नाही. सरळ वर, शेंड्यांपलीकडे, आणि गेले. मग दुसरे. मग तीन-चार एकदम.

कान द्या. तुम्ही तरुण असाल तर ऐकू येईल: बारीक, टोकदार टिकटिक, वरून येणारी. पुष्कळ वटवाघळांचा आवाज माणसाच्या कानापलीकडचा असतो. यांचा बराच खालच्या पट्टीतला. खालच्या पट्टीचा आवाज हवेत लांब जातो, आणि मोकळ्या आकाशात वेगाने उडणाऱ्याला लांबचा पतंग आधी कळायला हवा. २०१५ साली कादंबरी देशपांडे आणि नचिकेत केळकर यांनी या वटवाघळाचे आवाज यंत्रावर पकडून त्यांची ओळख पक्की केली. आता रानात जाळे न लावता, प्राणी न धरता, नुसत्या आवाजावरून ते कुठे आहे हे शोधता येते. पण तुम्ही बसला आहात त्या दगडावर यंत्र नाही. शेजारी बसलेले चुडीवाले पोर मात्र बोट वर करून प्रत्येक आवाज दाखवते आहे. त्याला ते केव्हापासून ऐकू येतात.

पेटी मुंबईला जाते, तिथून बोटीने लंडनला. तिथे ओल्डफील्ड थॉमस ती उघडतो. आयुष्यभर सस्तन प्राण्यांची कातडी तपासलेला हा माणूस. त्याला हे वेगळे आहे हे कळायला वेळ लागत नाही. १९१३ मध्ये सोसायटीच्याच जर्नलमध्ये तो या नव्या मोकळ्या-शेपटीच्या वटवाघळाची ओळख करून देतो आणि त्याला रॉटन यांचे नाव देतो. आज ते ओटोमॉप्स रॉटनाय म्हणून ओळखले जाते. सोसायटीत तेव्हा नोकरीला असलेला विशीतला स्टॅन्ले प्रेटर याने बारापेडेबद्दल लिहिले. पुढे त्याचे हिंदुस्थानी प्राण्यांवरचे पुस्तक घराघरांत गेले आणि तो संविधान सभेतही बसला.

आणि मग काय झाले? काहीच नाही. हेच मला सांगायचे होते. जवळपास नव्वद वर्षे या जातीचा जगाला ठाऊक असलेला पत्ता एकच होता: बारापेडे. दोन महायुद्धे झाली, राज्ये बदलली, तळेवाडी मुंबई इलाख्यातून म्हैसुरात आणि म्हैसुरातून कर्नाटकात गेली. मेळा त्याच छताला त्याच खोलगट जागी लटकत राहिला. नव्या शतकाच्या उंबरठ्यावर कंबोडियात एक सापडले, मग मेघालयात. तोवर एखाद्याने त्या गुहेत शेकोटी पेटवली असती, तोंडाशी खाण काढली असती, तर आपल्या माहितीतले अख्खे घराणे एका रात्रीत संपले असते. ते झाले नाही याचे मोठे श्रेय मी तळेवाडीला देतो. ज्या गोष्टीशी आपले काम नाही तिच्या वाटेला जायचे नाही, एवढ्या साध्या शहाणपणावर एक जात तगली. वन्यजीव कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात वाघाच्या पंगतीला हे वटवाघूळ बसले ते फार नंतर, आणि भीमगड अभयारण्य झाले ते २०११ मध्ये.

परतीच्या वाटेवर अंगठा अजून चावतो आहे, कोंबडीवाली म्हातारी पुन्हा भेटण्याची शक्यता आहे, आणि अंगाला येणारा तो अमोनियाचा वास तीन अंघोळींनीही जाणार नाही.

एक विनंती आहे. हे वाचून बारापेडेला जावेसे वाटले तर जाऊ नका. भीमगडच्या रानात वनखात्याच्या परवानगीने फिरा, पायवाटेवरून चाला, म्हादईचे पाणी पाहा. पण गुहेत बॅटरी, फोनचा दिवा, धूर, आरडाओरडा घेऊन शिरू नका. विसाव्याला लटकलेला मेळा एकदा उठला की त्याच्या अंगातले बळ फुकट जाते, आणि पिले अंगाला बिलगलेली असतील तर ती खाली पडतात. तुम्ही आज आत जाऊन आला आहात. तेवढे पुरे.